मुखवटा आणि अनाम सैनिक : क्लोद काहूं यांच्या कलेतील एकसूत्रता

१

स्वतःचे शरीर हाच ज्या कलावंताने आपल्या कलेचा विषय केला, त्याच्याविषयी समीक्षेत सामान्यतः दोन प्रकारची मते आढळतात. पहिल्या मताप्रमाणे अशी कला ही आत्मरतीची एक सुसंस्कृत तऱ्हा होय. आरशासमोर उभ्या राहिलेल्या माणसाला रस्त्यावरचे जग दिसत नाही. दुसरे मत सहानुभूतीचे असते. त्यानुसार अशी कला म्हणजे आत्मनिवेदन, समाजाने दडपून ठेवलेल्या ‘खऱ्या’ व्यक्तीने अखेर केलेला उच्चार. ही मते परस्परविरोधी भासली तरी एक गृहीत दोहोंना समान आहे. ते असे की, या कलेचा मुख्य व्यवहार कलावंताचा स्वतःशीच चाललेला असतो. प्रेक्षक हा केवळ साक्षीदार.

हे गृहीत तपासून पाहण्यास फ्रेंच साहित्यिक व छायाचित्रकार क्लोद काहूं (१८९४–१९५४) यांच्याइतके योग्य उदाहरण क्वचितच सापडेल. काहूंनी सुमारे चार दशके स्वतःची छायाचित्रे घेतली व घेवविली. त्यांत कधी मुंडण केलेले मस्तक आहे, कधी बाहुलीसारखा रंगविलेला चेहरा, कधी पुरुषी पोषाख. स्त्री म्हणजे काय आणि पुरुष म्हणजे काय, हा प्रश्न या चित्रांत पुनःपुन्हा विचारलेला आहे. याच काहूंना १९४४ च्या नोव्हेंबरात जर्सी बेटावरील जर्मन लष्करी न्यायालयाने मृत्युदंड सुनावला. आरोप होता सैनिकांचे मनोधैर्य खचविण्याचा.

या दोन गोष्टींचा परस्परसंबंध काय? चरित्रपर लेखनात बहुधा त्या दोन निरनिराळ्या प्रकरणांत येतात. पॅरिसमधील काहूं ही लिंगभावाशी क्रीडा करणारी कलावंत. जर्सीमधील काहूं ही शूर प्रतिकारक. दोन्ही प्रकरणे वाचनीय असतात, परंतु एकातून दुसऱ्यात जाण्याची वाट दाखविली जात नाही. ती वाट अस्तित्वात आहे, आणि ती स्वतः काहूंनीच १९३४ मध्ये एका छोट्या पुस्तिकेत आखून ठेवली होती, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

२

प्रथम नावाचा विचार करणे आवश्यक आहे. काहूंचे जन्मनाव ल्युसी श्वोब. जन्म नांत शहरी, २५ ऑक्टोबर १८९४ रोजी. वडील मोरिस श्वोब हे ज्यू घराण्यातील एक वृत्तपत्रमालक. चुलते मार्सेल श्वोब हे प्रतीकवादी परंपरेतील नामांकित साहित्यिक. घरात संपत्ती होती आणि ग्रंथही होते. कोणत्याही व्यवसायाचे बंधन न पत्करता प्रयोग करीत राहण्याची मुभा पुढे काहूंना मिळाली ती या संपत्तीमुळे, हे विसरता येत नाही. त्याच घराण्याने ड्रेफस प्रकरणाच्या काळातील ज्यूद्वेषही सोसला. शाळेतील छळामुळे या मुलीला काही काळ इंग्लंडात शिकावयास पाठवावे लागले.

पहिल्या महायुद्धाच्या सुमारास ल्युसी श्वोब यांनी ‘क्लोद काहूं’ हे नाव धारण केले. काहूं हे आजीकडचे आडनाव. क्लोद हे नाव फ्रेंच भाषेत मुलाचेही असते, मुलीचेही. सुझान मालेर्ब (१८९२–१९७२) या चित्रकार मैत्रिणीने याच रीतीने ‘मार्सेल मूर’ हे नाव घेतले. दोघींची ओळख १९०९ मधील. १९१७ मध्ये काहूंच्या वडिलांनी सुझानच्या विधवा आईशी विवाह केला, त्यामुळे या दोघी कायद्याने सावत्र बहिणी ठरल्या. वस्तुतः त्या आयुष्याच्या सहचरी होत्या, आणि कलेतील सहकारीही. ज्या छायाचित्रांना आपण आज काहूंची ‘आत्मचित्रे’ म्हणतो, त्यांतील अनेकांच्या वेळी कॅमेऱ्यामागे मूर असल्या पाहिजेत. म्हणजे ही चित्रे एकांतातील नव्हेत. त्यांचा जन्मच दुसऱ्याच्या नजरेसमोर झालेला आहे.

१९३० मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘आव्हू नों आव्हनू’ (अर्थ : रद्दबातल कबुलीजबाब) या ग्रंथात, आपल्याला कायमचे मानवते ते नपुंसकलिंगच, अशा आशयाचा विचार काहूंनी मांडला आहे. फ्रेंच वाचकाला या विधानाचा जो धक्का बसतो तो मराठी वाचकाला त्याच प्रकारे बसणार नाही, आणि हा भेद लक्षणीय आहे. फ्रेंच भाषेत नामाची लिंगे दोनच. तेथे नपुंसकलिंग निवडणे म्हणजे व्याकरणाच्या घराबाहेर उभे राहणे होय. मराठीत तिसरे लिंग घरातच आहे. आपण ‘मूल’ नपुंसकलिंगी मानतो, ‘लेकरू’ नपुंसकलिंगी मानतो. स्त्रिया व पुरुष एकत्र आले की ‘ती माणसे आली’ असे म्हणतो. ‘नपुंसक’ ही वैयाकरणांची संज्ञा उणीव सुचविते, परंतु मराठीच्या प्रत्यक्ष व्यवहारात हे लिंग उणिवेचे नाही. स्त्री-पुरुष हा विभाग होण्यापूर्वीचे, अथवा दोहोंना सामावून घेणारे, असे ते लिंग आहे. काहूंना अभिप्रेत असलेले नपुंसकत्व याच्या पुष्कळ जवळचे आहे. त्यांच्या चित्रांत स्त्रीत्व वा पुरुषत्व पुसलेले नसते. दोहोंची चिन्हे एकाच देहावर, एकाच वेळी मांडलेली असतात.

प्रस्तुत लेखात काहूंसाठी ‘त्या’ हे सर्वनाम योजिले आहे. बहुतेक चरित्रकारांची प्रथा तशी आहे, आणि जर्सीमधील घटनांच्या विवेचनात ते सोयीचेही पडते. अलीकडील काही अभ्यासक ते टाळतात. ‘त्या’ हा येथे सोयीचा शब्द आहे, निर्णय नव्हे.

३

आता प्रत्यक्ष चित्रांकडे वळू. १९२७ मधील एका प्रसिद्ध मालिकेत काहूं व्यायामपटूच्या वेषात बसलेल्या दिसतात. हातात वजने आहेत. पण केसांच्या बटा कपाळावर लाडिकपणे चिकटविलेल्या, ओठ चिमुकल्या बदामासारखे रंगविलेले, गालांवरही बदामाची चिन्हे. अंगातील बनियनवर इंग्रजीत लिहिले आहे की, माझी तालीम चालू आहे, मला चुंबू नका. वजने पुरुषाच्या जगातील. चेहरा नखरेल स्त्रीचा. आणि छातीवरील मजकूर पाहणाऱ्याला जवळ येण्याचे आमंत्रण देत असतानाच त्याला दूर सारणारा.

येथे ‘तालीम’ हा मराठी शब्द मूळच्या इंग्रजी शब्दाहून अधिक अर्थवाही ठरतो. मराठीत पहिलवानाचीही तालीम असते आणि नाटकाचीही. काहूंच्या या चित्रात दोन्ही अर्थ एकवटले आहेत. स्त्री असणे अथवा पुरुष असणे ही जन्मतः हाती पडलेली स्थिर वस्तू नसून सरावाने अंगी बाणविलेली गोष्ट आहे. शरीर त्यासाठी घडवावे लागते आणि भूमिका पाठ करावी लागते, हे या एका चित्रात सांगितले गेले आहे. दोनच वर्षांनी, १९२९ मध्ये, काहूंनी पिएर आल्बेर-बिरो यांच्या ‘ल प्लातो’ या प्रायोगिक रंगमंचावर प्रत्यक्ष भूमिकाही केल्या. त्यांत निळदाढ्याची पत्नी होती, एक गृहस्थ होता आणि सैतानही होता.

१९२८ मधील आरशाचे चित्र याहून शांत, परंतु अधिक विचारप्रवर्तक आहे. आखूड केसांच्या, चौकटींचा अंगरखा घातलेल्या काहूं आरशालगत उभ्या आहेत. कॉलर हाताने गळ्याशी धरलेली आहे. पाश्चात्त्य चित्रकलेत आरशासमोरची स्त्री हा एक जुना विषय. ती स्वतःचे रूप न्याहाळते आणि आपण तिला न्याहाळतो. येथे काहूंनी आरशाकडे पाठ फिरविली आहे. दृष्टी थेट प्रेक्षकावर रोखलेली आहे. प्रतिबिंबातील चेहरा मात्र दुसरीकडे पाहत आहे, आणि कॉलरमागे झाकलेला गळा तेथे उघडा दिसतो. एकाच व्यक्तीची ही दोन रूपे एकमेकांकडे पाहत नाहीत. त्यांपैकी खरे कोणते, हा प्रश्न चित्र उपस्थित करते आणि उत्तर न देता थांबते. त्याच सुमाराच्या दुसऱ्या एका चित्रात दोन छायांकनांच्या संयोगाने एकाच धडावर मुंडण केलेली दोन मस्तके दिसतात. ‘तुला माझ्याकडून काय हवे?’ अशा अर्थाचे त्याचे शीर्षक आहे. ‘तू’ कोण, हे सांगितलेले नाही. मस्तकांपैकी एक दुसऱ्याला विचारीत असेल, किंवा दोन्ही मिळून आपल्याला.

या चित्रांना आत्मनिवेदन म्हणता येत नाही, कारण ज्याचे निवेदन करावे असा निश्चित ‘आत्म’ त्यांत गृहीत धरलेला नाही. एका मुखवट्याखाली दुसरा मुखवटा, ही काहूंची आवडती कल्पना होती. त्यांना आत्मरतीही म्हणता येत नाही. आत्मरत माणूस आरशात पाहतो. काहूं आरशाकडे पाठ करून आपल्याकडे पाहतात. त्यांचा मुखवटा लपण्यासाठी नाही. पाहणाऱ्याने आपल्या मनातील ‘स्त्री’ आणि ‘पुरुष’ या कल्पना तपासून पाहाव्यात, यासाठी तो आहे. तो पुढचा अर्धा भाग पाहणाऱ्यानेच पुरा करावयाचा असतो.

तथापि एक आक्षेप येथे नोंदविणे प्राप्त आहे. या छायाचित्रांपैकी फारच थोडी काहूंच्या हयातीत प्रसिद्ध झाली. काही रूपे ग्रंथातील चित्रसंयोजनांत उतरली, पण बहुसंख्य चित्रे घरातच राहिली. ज्या कलेने प्रेक्षकाला आवाहन करावयाचे, तिला प्रेक्षकच लाभला नाही, तर ते आवाहन कोणाला? आक्षेप योग्य आहे, आणि केवळ चित्रांच्या आधारे त्याचे निरसन होत नाही. त्यासाठी १९३४ च्या पुस्तिकेकडे जावे लागते.

४

१९३२ मध्ये काहूं क्रांतिकारक लेखक व कलावंतांच्या डाव्या संघटनेत सामील झाल्या. हिटलर सत्तेवर येत होता, आणि साहित्याने या लढ्यात कोणते काम करावे, हा पॅरिसमधील साहित्यिकांपुढील तातडीचा प्रश्न होता. अतिवास्तववाद्यांपासून दूर होऊन साम्यवादी पक्षाच्या बाजूने गेलेले लुई आरागों यांचा कल असा की, कवीने स्पष्ट व थेट बोलावे. या वादात काहूंनी ‘ले पारी सों तुव्हेर’ ही पुस्तिका लिहिली. शीर्षकाचा अर्थ ‘पैजा खुल्या आहेत’; पॅरिस या शहराच्या नावावर त्यात श्लेषही आहे.

पुस्तिकेतील मुख्य भेद असा. एखादे मत ठासून व वारंवार सांगणे हा प्रत्यक्ष परिणामाचा एक मार्ग. उलट बोलून वाचकाला डिवचणे हा दुसरा. काव्याचा मार्ग या दोहोंहून निराळा, अप्रत्यक्ष कृतीचा. तो विचाराला चालना देतो आणि मधेच थांबतो. उरलेले पाऊल वाचकाने स्वतः टाकावयाचे असते. घोषणेने पटलेला मनुष्य दुसऱ्या घोषणेने फिरविता येतो. जे पाऊल त्याने स्वतः टाकलेले असते, ते मागे घेणे त्याला तितके सोपे नसते.

ही भूमिका कवितेविषयी मांडलेली आहे. पण छायाचित्रे समोर ठेवून ती वाचली म्हणजे ध्यानात येते की, तिच्यात वर्णिलेली रीती काहूंच्या चित्रांत त्याआधी सात-आठ वर्षे वापरली गेली होती. बनियनवरील अपुरे आमंत्रण, आरशातील न सुटलेला प्रश्न, उत्तर नसलेले शीर्षक, ही सारी अप्रत्यक्ष कृतीचीच उदाहरणे होत. शरीर आणि लिंगभाव यांच्याशी केलेल्या प्रयोगांतून काहूंनी राजकीय परिणामाचे एक तत्त्व हस्तगत केले आणि १९३४ मध्ये ते शब्दांत मांडले. त्या तत्त्वाची कसोटी लागावयाची होती ती मात्र सर्वस्वी निराळ्या ठिकाणी.

५

१९३७ मध्ये काहूं आणि मूर पॅरिस सोडून जर्सी बेटावर राहावयास गेल्या. सेंट ब्रेलेड उपसागराच्या काठी, चर्चलगत त्यांनी घर घेतले. बेटावर त्या ल्युसी श्वोब आणि सुझान मालेर्ब या जन्मनावांनीच वावरत. मांजराला दोरी बांधून फिरावयास नेणाऱ्या दोन विक्षिप्त पण निरुपद्रवी फ्रेंच बहिणी, अशी शेजाऱ्यांत त्यांची ओळख होती.

१ जुलै १९४० रोजी जर्मन सैन्याने जर्सी ताब्यात घेतले. ऑक्टोबरात ज्यूंनी आपली नावे नोंदवावीत असा हुकूम निघाला. काहूंनी नाव नोंदविले नाही. त्याच काळात सैनिकांना उद्देशून लिहिलेली पत्रके बेटावर दिसू लागली. पातळ कागदावर, टंकयंत्राने, जर्मन भाषेत. मूरना जर्मन येत होते. बातम्या ब्रिटिश नभोवाणीवरून मिळत. १९४२ मध्ये नागरिकांची रेडिओ-यंत्रे जप्त झाल्यावर चोरून ऐकणे हाही गुन्हा ठरला, तरी काम चालू राहिले. पत्रके सिगारेटच्या रिकाम्या पाकिटांत, उभ्या मोटारींवर, सैनिकांच्या खिशांत सरकविली जात. त्यांवर सही असे : ‘देर झोल्डाट ओने नामेन’, म्हणजे ‘नाव नसलेला सैनिक’.

ही सही आपल्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची आहे. पत्रके शत्रूने लिहिलेली नाहीत, बेटवासीयांनीही नाहीत. ती एका जर्मन सैनिकाने आपल्या सोबत्यांना लिहिली आहेत, असे भासविले होते. काहूंनी घेतलेले हे आणखी एक सोंग होते. व्याकरणाने पुल्लिंगी, वेषाने लष्करी, नाव मात्र नाही. पॅरिसमध्ये ज्या कलावंताने दोन लिंगांच्या मधील जागा शोधली होती, त्याच कलावंताने येथे दोन सैन्यांच्या मधील जागा शोधली. शत्रूचे पत्रक सैनिक फाडून टाकतो. पण आपल्याच तुकडीतील कोणीतरी असे लिहीत आहे, ही शंका आली की तो शेजारच्या खाटेवरील सोबत्याकडे निराळ्या नजरेने पाहू लागतो, कदाचित स्वतःकडेही. अनाम सैनिक कोण, या प्रश्नाचे उत्तर वाचणाऱ्या सैनिकानेच पुरे करावयाचे होते. १९३४ च्या पुस्तिकेतील अप्रत्यक्ष कृती ती हीच.

यावर कोणी म्हणेल की, हे युद्धातील साधे कपट होय. त्याला कलेचे नाव कशासाठी द्यावे? शिवाय काही पत्रकांतील मजकूर थेट प्रचाराचा होता, हेही खरे. परंतु कपटाचा हेतू खोटी गोष्ट खरी वाटावी हा असतो. येथे खोटा होता तो केवळ लेखक. शंका सैनिकांच्या स्वतःच्या होत्या. युद्ध संपावे, घरी जावे, हे त्यांच्या मनात असणारच. अनाम सैनिकाने त्याला आवाज दिला. आरशाच्या चित्रातही असेच घडते. तेथील वेष काहूंनी धारण केलेला असतो, पण तो पाहून मनात उठणारी अस्वस्थता आपली स्वतःची असते.

त्यांना संरक्षण मिळाले तेही एका मुखवट्याचे. जर्मन पोलिसांनी दीर्घकाळ सैन्यातील फितुरांचा शोध घेतला. मध्यमवयीन, आजारी दिसणाऱ्या बाईवर आणि तिच्या बहिणीवर संशय घेण्याचे कारण त्यांना दिसले नाही. २५ जुलै १९४४ रोजी अटक झाली तेव्हा काहूं एकोणपन्नास वर्षांच्या होत्या, मूर बावन्न. दोघींनी विष घेऊन आत्महत्येचा प्रयत्न केला, तो फसला. १६ नोव्हेंबर रोजी मृत्युदंडाची शिक्षा झाली. हे सर्व दोन स्त्रियांनी कोणाच्याही मदतीवाचून केले, यावर विश्वास ठेवणे अधिकाऱ्यांना जड गेले. ‘स्त्री’ या शब्दाविषयीचा त्यांचा समज इतका पक्का होता की, त्या समजाच्या आडोशाला चार वर्षे सुखेनैव काम करता आले. लिंगभाव ही पाठ केलेली भूमिका आहे, हे काहूंचे जुने सूत्र इतक्या कठोर पुराव्याने क्वचितच सिद्ध झाले असेल. फेब्रुवारी १९४५ मध्ये मृत्युदंड रद्द झाला. ८ मे रोजी, बेट मुक्त होण्याच्या आदल्या दिवशी, दोघी तुरुंगातून सुटल्या. झडतीच्या व लुटीच्या काळात घरातील अनेक छायाचित्रे नष्ट झाली होती. आज आपण पाहतो ती त्यांतून उरलेली होत.

६

काहूंचे निधन ८ डिसेंबर १९५४ रोजी जर्सी येथे झाले. पुढे जवळजवळ चार दशके त्यांचे नाव अतिवास्तववादाच्या इतिहासांत क्वचितच येई. फ्रांस्वा लपेर्लिए यांचा चरित्रग्रंथ १९९२ मध्ये प्रसिद्ध झाला आणि १९९५ मध्ये पॅरिसच्या नगर-आधुनिक-कला-संग्रहालयात मोठे प्रदर्शन भरले, त्यानंतर चित्र पालटले. २०१७ मध्ये लंडनच्या राष्ट्रीय व्यक्तिचित्र-संग्रहालयाने गिलियन वेअरिंग या आधुनिक कलावतीच्या चित्रांसोबत काहूंची चित्रे मांडली. मूळ छायाचित्रांचा व पत्रकांचा मोठा संग्रह जर्सीच्या वारसा-संस्थेकडे आहे.

या पुनःशोधाने काहूंना एक नवे स्थान मिळाले, पण एक नवी अडचणही निर्माण झाली. लिंगभावाविषयीच्या आजच्या विचाराच्या पूर्वसूरी म्हणून त्यांचा गौरव होतो. तो यथार्थ आहे. तथापि पूर्वसूरी म्हणून पाहताना त्यांचे मुखवटे आपण आपल्या परिचयाच्या नावांनी ओळखू लागतो, आणि ज्याने नावच नाकारले त्याला पुन्हा नाव देऊन मोकळे होतो. काहूंच्या कलेचा आग्रह याच्या उलट आहे. ती ‘मी कोण’ हे सांगत नाही. ‘तू मला कोण समजतोस, आणि का’ हे विचारते. म्हणूनच वर नोंदविलेल्या आक्षेपाचे उत्तर आता देता येईल. पॅरिसमधील चित्रांना प्रेक्षक थोडे लाभले हे खरे. परंतु तेथे कमावलेली रीती वाया गेली नाही. तिचे खरे वाचक जर्सीच्या छावण्यांत होते, आणि त्यांना ती कोणाची हे कधीच कळावयाचे नव्हते. किती सैनिकांवर पत्रकांचा परिणाम झाला, याचा हिशेब मांडता येणार नाही. पण राज्यसत्तेने त्या कागदांची किंमत मृत्युदंडाने ठरविली, हे न्यायालयाने नोंदवून ठेवले आहे.

सुटकेनंतर मे १९४५ मध्ये घेतलेले एक छायाचित्र आहे. घराच्या दारात काहूं उभ्या आहेत. डोक्याला रुमाल, अंगात साधा कोट. खेड्यातील कोणतीही प्रौढ बाई असावी तशी मूर्ती. ना रंगविलेला चेहरा, ना मुंडण, ना वजने. केवळ दातांमध्ये नाझी गरुडाचे एक बिल्ला-चिन्ह धरलेले आहे. प्रथमदर्शनी येथे मुखवटा उरलेला नाही असे वाटते. वास्तविक याच साध्या वेषाने चार वर्षे एका सैन्याला चकविले होते. तोही मुखवटाच होता, आणि सर्वांत अवघड. पॅरिसमधील चित्रे आणि जर्सीमधील पत्रके ही दोन निराळ्या कपाटांत ठेवण्याची समीक्षकांची सवय या एका चित्रासमोर टिकत नाही. देहाविषयीची कला ही जगाकडे पाठ फिरविणारी असते, असे म्हणणाऱ्याने हे चित्र आरशाच्या चित्राशेजारी ठेवून पाहावे. दोन्हींत नजर एकाच दिशेला आहे. ती पाहणाऱ्याकडे आहे.